लांब हाक

आई,

तुझ्या नातीचं नाव तान्वी आहे. धाकट्याची मुलगी; येत्या थंडीत दोन वर्षांची होईल. तू गेलीस तेव्हा धाकटा दहावीला होता आणि त्याचं पुढं कसं व्हायचं, ही तुझी शेवटची काळजी होती, म्हणून हे आधी सांगते की त्याचं बरं चाललं आहे. वरची भातखाचरं तो करतो, पाऊस उघडला की धरणात जाळी टाकतो. आपल्या डोंगराकडच्या घरांत मुली द्यायला आता लोक कचरतात, तसं त्याचंही लग्न लांबलं. पण बायको मिळाली ती शिनोलीची, हसतमुख आणि खमकी. मूल त्याहून उशिरा झालं. तेव्हा तान्वी ही फार वाट पाहायला लावून आलेली मुलगी आहे, आणि मी तिची एकुलती एक सख्खी आत्या. बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा, हे तूच मला शिकवलंस. ज्या गोष्टीची मला लाज वाटते, ती त्या मानापासूनच सुरू होते.

बारसं बाराव्या दिवशी शिनोलीला, तिच्या आजोळी झालं. जुन्नरला माझ्या कॉलेजात सराव परीक्षा चालू होत्या. रजा मागितली असती तर मिळाली असती; पण बारसं पुढं ढकलतील, आत्याशिवाय करणार नाहीत, अशी माझी खात्री होती. ढकललं नाही. पाळण्याशी वाकून कुर्र करायचं काम कुणा चुलत आत्याने केलं आणि बायकांचे धपाटेही तिच्याच पाठीत पडले. संध्याकाळी धाकट्याचा फोन आला. "आक्का, तान्वी ठिवलं नाव."

मी म्हटलं, "तन्वी."

"तन्वी न्हाई, तान्वी. त ला काना."

"अरे, पण असा शब्दच नाही."

"आता हाय की," तो म्हणाला.

मग मी त्याला समजावून सांगितलं. समजावून सांगणं एवढं एकच काम मी आयुष्यभर मनापासून केलं आहे, आणि त्याला जे सांगितलं ते तुलाही सांगते, कारण त्यात चुकीचं काही नव्हतं. तन्वी हा शब्द संस्कृतातला. तनु म्हणजे सडपातळ, कोवळं, नाजूक. जी नाजूक, ती तन्वी. माझ्या नोकरीच्या सुरुवातीला हे नाव पुण्याच्या मुलींचं समजलं जाई. माझ्या वर्गात तेव्हा सुनीता, संगीता, मनीषा आणि शबाना बसत. मग एखादी तन्वी आली, पुढं प्रत्येक तुकडीत दोन-तीन येऊ लागल्या, आणि वापरून वापरून त्या नावाची धार गेली. तेव्हा लोकांनी नाव सोडलं नाही, त्याला हात लावला. अन्वी, सान्वी, शान्वी, तान्वी. आमच्या गल्लीतल्या बालवाडीसमोर सुटायच्या वेळी उभं राहिलं, की एकाच पाळण्यात वाढल्यासारखी ही नावं आईबापांच्या तोंडून ऐकू येतात. कुणी अंकशास्त्र सांगणाऱ्याच्या सल्ल्याने अक्षर वाढवतं, कुणाला वर्गात आपल्या मुलीच्या नावाची दुसरी मुलगी नको असते. आणि बहुतेकांना, मला वाटतं, एवढंच हवं असतं की नाव बाजारातून आलं तरी त्याला घरचा एखादा टाका असावा, नव्या साडीला आपण घरी फॉल लावतो तसा. आमच्या शेजारच्या बांगडीवाल्या चाचांच्या सुनेने मुलीचं नाव आयेशाच ठेवलं, पण लिहिताना त्यात इंग्रजी अक्षरं अशी वाढवली आहेत की वाचणारा थांबतो. मी चाचांना त्याबद्दल बोलले, तर ते म्हणाले, "लिखने दो मॅडम. बुलाने में तो वहीच है." मला ते हसण्यावारी न्यायचं उत्तर वाटलं. आज वाटतं, नावाबद्दल मी जे काही वाचलं त्यात हे नव्हतं.

धाकट्याने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "बरं आक्का. पर आमाला आसंच पायजे." त्याच्या आवाजात हट्ट नव्हता, दार हलकेच लोटून घ्यावं तसं काहीतरी होतं. माझ्या ते लक्षात आलं नाही. मी दुखावले होते.

आता मला जरा मागं जाऊ दे, कारण हे पुढचं तुला माझ्याहून चांगलं ठाऊक असलं तरी ते ठाऊक असलेलं दुसरं कुणी आता फारसं उरलेलं नाही. आबांनी तुझं नाव कधी घेतलं नाही. तू निदान हळदीकुंकवाला चार बायकांत, लाजत का होईना, उखाण्यात त्यांचं नाव घ्यायचीस. त्यांना तीही वाट नव्हती. तुला बोलवायचं तर ते माझ्या नावाने हाक मारायचे. खाली खाचरात ते उभे आहेत, गुडघाभर चिखलात, आणि माझ्या नावाचं शेवटचं अक्षर ओढून ओढून वर पाठवत आहेत, आणि चुलीपुढून उत्तर येतं आहे तुझं, "ओ." हाक आखूड असली तर ती माझी, लांब असली तर तुझी. हे मला कुणी शिकवलं नाही, मला ते बोलायला लागण्याच्याही आधीपासून कळत होतं. एकदा वर्गातली मैत्रीण मुक्कामाला आली होती, तिने विचारलं, "तुझ्या नावाला तुझी आई का ओ देते?" मी म्हटलं, "ती लांब आहे ना." तिला काही कळलं नाही आणि मला त्याहून जास्त सांगता आलं नाही. पुढं धरण झालं, ती खालची खाचरं पाण्यात गेली, आपण वर आलो. तरी हाक तीच राहिली, उलट पाण्यावरून ती अधिक स्वच्छ येऊ लागली. तू गेलीस आणि ती थांबली. आबा मला हाक मारत राहिले, पण आखूड.

तान्वीला शिनोलीहून आपल्या घरी आणलं तेव्हा ती पाच महिन्यांची होती. त्यानंतर एका रविवारी मी धाकट्याशी फोनवर बोलत होते आणि मागून, अंगणातून असावी, आबांची हाक ऐकू आली. तान्वी. शेवटचं अक्षर ओढलेलं, खालच्या अंगाला थोडं थरथरलेलं, आणि मग परत वर उचललेलं. मी बोलता बोलता थांबले. धाकटा म्हणाला, "आबा हाईत. दिवसभर चालतंय त्यांचं. पोरगी रांगत बी न्हाई आजून, पर हे गोठ्यातनं हाका मारत्यात." मी फोन ठेवला. वीस वर्षं न ऐकलेली हाक मी ऐकली होती. आणि मग, माझा स्वभाव तुला ठाऊक आहे, मी विचार करू लागले. हाक तुझी, तर नाव कुणाचं? तुझ्या आईची तुझ्याआधीची दोन मुलं राहिली नव्हती, म्हणून तू तान्ही असतानाच तान्हूबाई हे नाव तुला पडलं आणि तेच राहिलं, ही गोष्ट तूच मला सांगितली होतीस. तान्हू, तान्वी. तो काना फॅशनचा नव्हताच. घरातल्यांनी तुझं नाव जगाच्या बाजारात कुणाच्या लक्षात येणार नाही अशा रूपात घरात परत आणलं होतं.

मला किती आनंद झाला म्हणून सांगू. पण तो कसला आनंद होता हेही सांगते. आबांची हाक परत आली याचा तो थोडा होता. जास्त होता तो मला हे उलगडलं याचा. मला वाटलं, बारशाचा माझा हुकलेला मान आता मला वेगळ्या रीतीने मिळेल. नाव त्यांनी ठेवलं असेल, त्याचा अर्थ मी सांगेन.

पहिला वाढदिवस मोठा केला. अंगणात मांडव, दाराशी फ्लेक्स. त्यावर काळा गॉगल लावलेली तान्वी आणि तिच्याखाली शुभेच्छुक म्हणून धाकट्याचे जाळीवाले मित्र, प्रत्येकाचा हात कानाशी मोबाइल धरलेला. शिनोलीची सगळी मंडळी टेम्पो करून आली होती. आबा पुढच्या खुर्चीवर, धुतलेली टोपी, मांडीवर नात. केक कापून झाल्यावर ध्वनिक्षेपकवाला म्हणाला, "आता आपल्या म्याडम दोन शब्द बोलतील." मी दोन शब्दांवर कधी थांबले आहे? तन्वीपासून सुरुवात केली. नावांची लाट शहरातून गावात कशी येते ते सांगितलं, अक्षरं का वाढतात ते सांगितलं. लोक हसत होते, माना डोलावत होते, मला वर्ग हातात आल्यासारखं वाटत होतं. मग मी आवाज खाली घेतला. म्हटलं, "पण आमची तान्वी त्या लाटेतली नाही. हे नाव पुण्यामुंबईहून आलेलं नाही, ते याच चुलीजवळचं आहे. ही आमच्या आईचं नाव घेऊन आली आहे. माझी आई, तान्हूबाई." आणि तुझं नाव त्या दोन कर्ण्यांतून धरणाच्या पाण्यावर जाऊन पलीकडच्या डोंगराला लागून परत आलं.

टाळ्या पडल्या. आबांनी तान्वीला सुनेकडे दिलं, टोपी नीट केली आणि ते उठून मांडवाच्या मागच्या बाजूने गोठ्याकडे गेले. मी, आई, मी ध्वनिक्षेपकावरून म्हटलं, "आबांना भरून आलं आहे." पुन्हा टाळ्या पडल्या. जेवताना शिनोलीचे व्याही मला म्हणाले, "लई भारी बोलल्या म्याडम. आमाला न्हवतं म्हाईत ह्ये." तुझी सून तेव्हा पंगतीत वाढत होती, तिने माझ्या पानात आग्रहाने आणखी एक जिलबी घातली आणि माझ्याकडे न बघता पुढं गेली.

त्यानंतर फोनच्या मागे हाक ऐकू आली नाही. मला वाटलं आबा शेतावर असतील, झोपले असतील, थंडी आहे. शिमग्याला घरी गेले तेव्हा कळलं. मी ओट्यावर बसले होते, तुझी सून भाकरी थापत होती, आणि तान्वीने चालता चालता नाचणीच्या पिठाचा डबा आपल्या अंगावर ओढला. पीठ सगळ्या घरभर. तुझी सून ओरडली, "ए तान्," आणि तिथंच थांबली, जीभ चावली, देव्हाऱ्याकडे बघून हात जोडले आणि मग म्हणाली, "ए भवाने, ऊठ तितनं." मला हसू आलं. तीही हसली, पण लगेच तिचं हसू गेलं.

"तुमी हसताय आक्का. पर मी काय करू सांगा. तुमी लई चांगलं सांगितलं वाढदिसाला, समदा गाव म्हनतोय. पर आता हिच्यावर वराडायचं कसं? सासूबाईंचं नाव घिऊन भवाने म्हनू व्हय? त्यांचा चांदीचा टाक हाय देव्हाऱ्यात, रोज मी त्याला हळद लावती."

"अगं, पण तुला आधी माहीत होतं ना, हे नाव कुठून आलं?"

"म्हाईत व्हतं की. पर कुनी म्हनलं न्हवतं."

"मग आता काय म्हणतेस तिला?"

"कवा चिमणे, कवा पोरी, कवा भवाने. परवा घोडेगावात दवाखान्यात नर्सबाईनं नाव पुकारलं, तर ही दुसऱ्याच पोराकडं बघत बसली, कोन तान्वी म्हनून." मग तिने तव्यावरची भाकरी उलटली आणि आवाज बारीक करून म्हणाली, "माझं सोडा. आबांनी तर तवापास्नं हाकच मारली न्हाई तिला. ए पोरी म्हनत्यात. ती बी दारात उभी ऱ्हाती कवा कवा, गोठ्याकडं बघत."

ज्या चुलीजवळ तिने मला हे सांगितलं, ती तुझी नव्हे. तुझी चूल जुन्या घराबरोबर पाण्याखाली आहे. पण मला त्या क्षणी तीच दिसली. मी आठ-नऊ वर्षांची असेन. श्रावणातला दिवस आहे, खाचरं लावून झाली आहेत आणि घराघरांतलं धान्य तळाला गेलं आहे. वरच्या घरातली मावशी हातात गोवरी घेऊन विस्तव मागायला आली आहे. आगपेटी महाग होती तेव्हा, विस्तव मागायला सगळेच एकमेकांकडे जायचे. पण ही मावशी रोज तुझ्या भाकरी भाजून होत आल्या की यायची; गोवरी चुलीत धरायची आणि ती पेटायला लागली की विझवून पुन्हा धरायची, बोलत बसायची, आणि तू बोलता बोलता एक भाकरी तिच्या हातावर ठेवायचीस, "बघ गं, मीठ बरं झालंय का." मी हे बरेच दिवस पाहत होते. आणि एके दिवशी मला ते समजलं, आणि समजलं याचा इतका आनंद झाला की मी म्हटलं, "मावशी, तुम्हाला विस्तव नको असतो ना? भाकरी पाहिजे असते ना?" मावशी उठली. गोवरी पेटलेली होती, ती घेऊन गेली. त्यानंतर ती विस्तव मागायला कधी आली नाही. तू मला मारलं नाहीस. तू पिठाचे हात धुतलेस, पुसलेस, माझ्यासमोर बसलीस आणि म्हणालीस, "तुला कळलं, लई चांगलं झालं. पर कळलं म्हंजे सांगायलाच पायजे आसं न्हाई, बाय. काही पोटात बी ठिवायचं आसतं. मलाबी कळत व्हतं की." मी तेव्हा रडले, पण मनातून तू चुकते आहेस असं मला वाटत होतं. जे खरं आहे ते सांगण्यात वाईट काय, हा प्रश्न मी तुला घालायला निघाले होते. पुढं त्याच प्रश्नावर मी पगार घेतला.

चूक कळली म्हणजे ती दुरुस्त करता येते, हे मी मुलांना शिकवत आले. म्हणून उन्हाळ्याच्या सुट्टीत मी पुन्हा गेले, आणि आबांपुढं जाऊन बसले. ते गोठ्याच्या दाराशी दावं वळत होते. मी वाटेत सगळी वाक्यं जुळवून ठेवली होती. म्हटलं, "आबा, वाढदिवसाला मी बोलले ते चुकलं. मी नंतर नीट पाहिलं. तान्वी हे तन्वीचंच रूप आहे, नाजूक असा त्याचा अर्थ. आईच्या नावाशी त्याचा काही संबंध नाही."

आबांनी दाव्याला पीळ दिला. "आसं व्हय."

"हो."

"मंग तवा खोटं बोल्लीस, का आत्ता बोलतीस?"

ते हसले, रागाने नव्हे. "यवढं शिक्षान झालं तुजं, पर खोटं बोलायचं तेवढं ऱ्हायलंच." मग दाव्याकडेच बघत ते म्हणाले, "तवर ती नुस्ती हाक व्हती, बाय. मलाबी ठावं व्हतं, पोराला बी ठावं व्हतं. पर कुनी बोललं न्हवतं, म्हनून मारता येत व्हती. तू तिचं नाव केलंस. आता हाक मारली की समद्यांम्होरं तिचं नाव घेतल्यावानी व्हतं. जलमभर न्हाई घेतलं, आता म्हातारपनी घिऊ व्हय? ती काय म्हनंल?"

तू काय म्हणाली असतीस, आई, याचा मी फार विचार केला आहे. मला वाटतं, तू पदर तोंडाला लावून हसली असतीस आणि त्या दिवशी तुझी भाकरी करपली असती.

धाकटा मला रस्त्यापर्यंत पोचवायला आला. एसटीचा नेम नव्हता, आम्ही वडाखाली उभे होतो. तो सहसा मला काही बोलत नाही, मी त्याला जवळजवळ वाढवलेलं आहे. त्या दिवशी म्हणाला, "आक्का, शिनोलीला आमी मोबाइलवरनं नावं वाचत व्हतो. आबा बाजूला पडल्याले, ऐकत न्हाईत आसं वाटत व्हतं. तन्वी वाचलं, आन् माझ्या तोंडातनं तान्वी निघालं. आबांनी नुस्ती मान वर केली. काय बोलले न्हाईत. मंग तेच ठिवलं." एसटी आली. पायरीवर चढताना तो मागून म्हणाला, "तू मनाला लावून घिऊ नको." खिडकीशी बसल्यावर मला जाणवलं, की ज्या मान वर करण्यात सगळं सांगून झालं होतं, तिच्यावर मी कर्णे लावून टीप लिहिली.

मला समजून घे असं मी म्हणणार नाही. समजून घ्यायला तुला कधी वेळ लागला नाही. लाज वाटते ती वेगळ्या गोष्टीची. नवीन धाटणीच्या नावांना मी अर्थहीन म्हणत होते. अर्थ नसलेलं नाव म्हणजे रिकामं भांडं, असं मी वर्गात सांगितलंही आहे. आपल्या घरातल्या नावात मात्र अर्थ काठोकाठ होता आणि तो सांडू नये म्हणूनच ते थोडं वाकडं केलं होतं. चाचांच्या सुनेने वाढवलेल्या अक्षरांतही काय काय ठेवलं असेल, मला काय ठाऊक. मी आता कुणाला विचारत नाही.

गेल्या महिन्यात गौरींना गेले होते. दुपारची वेळ, तुझी सून आणि मी वालाच्या शेंगा सोलत बसलो होतो, तान्वी माझ्या मांडीला टेकून एकेक शेंग मोडून पाहत होती. खालून, पाण्याच्या बाजूने हाक आली. माझ्या नावाची. शेवटचं अक्षर ओढलेलं, खाली थरथरून पुन्हा वर उचललेलं. मी घरात आहे हे आबांना ठाऊक होतं, आणि मला अशी हाक त्यांनी कधी मारली नव्हती. तान्वीने हातातली शेंग टाकली, "ओ" म्हणाली आणि उंबऱ्यावर हात टेकून उतरून पळत सुटली.

तुझी सून म्हणाली, "म्हैनाभर ह्येच चाललंय. मी म्हनलं म्हातारपन आलं, इसरत्यात. पर पोरगी बी जाती की. आक्का, आबा हिला तुमच्या नावानं का हो हाक मारत्यात?"

बघ, माझ्यासमोर प्रश्न होता, आणि त्याचं उत्तर मला पुरतं, मुळापासून ठाऊक होतं. विचारणारीला ते ऐकायचंही होतं. मी शेंगेची शीर ओढली आणि म्हटलं, "काय की."

"तुमाला बी न्हाई ठावं?"

"मलाही नाही."

"ऐकावं ते नवल," ती म्हणाली आणि हसत सुपातल्या शेंगा पुढं ओढल्या. खाली पाण्याकडून आबांचं आणि तान्वीचं काहीतरी बोलणं ऐकू येत होतं, शब्द लागत नव्हते.

मी जुन्नरहून तुला पत्र पाठवायचे तेव्हा तुला वाचता येत नसे. धाकटा चुलीपुढं बसून ते मोठ्याने वाचायचा आणि आबा ओसरीवर बसून न ऐकल्यासारखं ऐकायचे. हे पत्र पाठवायचं तर तसंच वाचावं लागेल, आणि त्यात तुझं नाव आहे. तेव्हा ते इथंच राहील.

एक मात्र लिहायचं राहिलं. त्या दुपारी हाक आली तेव्हा तान्वीच्या आधी माझं तोंड उघडलं होतं. लहानपणीही, आई, दर लांब हाकेला ते उघडायचं. तुझी ओ आधी यायची, म्हणून कुणाला कळलं नाही.